चाळ सोडताना : मागे वळून पाहण्याचा अधिकार

(मंडळाच्या वर्षावास व्याख्यानमालेत दिलेले भाषण)



तथागत भगवान बुद्ध आणि परमपूज्य डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या स्मृतीस त्रिवार वंदन करून आम्ही आमचे विचार मांडीत आहोत. मंडळाने आम्हास 'बदलते शहर आणि आपले मन' हा विषय दिला. तो ऐकून आमच्याच काही मित्रांनी विचारले, "मनाचे दुखणे हा काय आपल्या व्यासपीठाचा विषय झाला? शिक्षण, नोकरी, घर हे आपले प्रश्न." त्यांचे म्हणणे खरे आहे. परंतु आज आम्ही घराविषयीच बोलणार आहोत. घर मिळाल्यावरही माणसाच्या डोळ्यांत पाणी का येते, एवढाच आमचा प्रश्न आहे.

बंधू-भगिनींनो, आमचा जन्म वरळीच्या बी.डी.डी. चाळीतला. पहिल्या महायुद्धानंतर मुंबईत कामगारांना राहावयास जागा पुरेना. तेव्हा गव्हर्नर सर जॉर्ज लॉईड यांच्या कारकिर्दीत बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंट हे खाते निघाले. त्याच खात्याच्या आद्याक्षरांवरून चाळींना नाव पडले. १९२० नंतरच्या काही वर्षांत वरळीला १२१, नायगावला ४२, डिलाईल रोडला ३२ आणि शिवडीला १२, अशा एकूण २०७ चाळी उभ्या राहिल्या. तळमजला आणि वर तीन मजले. मजल्याला वीस खोल्या, मधून बोळ आणि दोन्ही अंगांना दहा-दहा दारे. खोली १६० चौरस फुटांची. १९३० सालच्या कायदेभंगाच्या चळवळीत वरळीच्या काही चाळींचा उपयोग सरकारने तात्पुरता तुरुंग म्हणून केला होता. ज्या भिंती तुरुंगाला योग्य वाटल्या, त्याच भिंतींच्या आत पुढे आमच्या आजोबा-पणजोबांनी संसार मांडले.

कोकणातून, सातारा-सांगलीकडून, नगरकडून आपली माणसे आली. कोणी गिरणीत लागले, कोणी गोदीत, कोणी म्युनिसिपालिटीत. एका खोलीत आठ-दहा माणसे राहत. पाळीवरून आलेला निजायचा आणि पाळीवर जाणारा उठायचा, म्हणून एकाच अंथरुणावर तिघांची झोप भागायची. सामाईक नळावर आणि सामाईक संडासावर रांग. आमच्या आया-बहिणींनी पहाटे चारला उठून जे सोसले, ते त्यांचे त्याच जाणोत. आम्ही मुले उन्हाळ्यात गच्चीवर आणि पावसाळ्यात बोळात झोपलो. परीक्षेचा अभ्यास जिन्यातल्या दिव्याखाली केला.

हे सांगण्याचे कारण असे की, आम्हाला चाळीचे गोडवे गायचे नाहीत. ४ नोव्हेंबर १९४८ रोजी घटना समितीत बाबासाहेबांनी गावगाड्याचे गोडवे गाणाऱ्यांना सडेतोड उत्तर दिले, ते आपण विसरता कामा नये. ज्यांना गावकुसाबाहेर राहावे लागले, त्यांनी गावाच्या आठवणीने उसासे टाकावेत, हे बाबासाहेबांना मान्य नव्हते. चाळीचेही तसेच आहे. गैरसोयीला संस्कृती म्हणू नये. ज्याला संडासासाठी रांगेत उभे राहावे लागले नाही, त्याने त्या रांगेचे कौतुक करू नये.

म्हणून २२ एप्रिल २०१७ रोजी पुनर्विकासाचे भूमिपूजन झाले, तेव्हा आम्ही आनंदलो. म्हाडाच्या ह्या योजनेत वरळी, नायगाव आणि ना. म. जोशी मार्ग येथील १९५ चाळी येतात. १६० चौरस फुटांच्या जागी ५०० चौरस फुटांचे मालकीचे घर. १४ ऑगस्ट २०२५ रोजी वरळीच्या पहिल्या ५५६ कुटुंबांना नव्या घरांच्या चाव्या मिळाल्या, तेव्हा आम्ही मनापासून टाळ्या वाजविल्या. आमच्या मावशींनी सत्तराव्या वर्षी पहिल्यांदा स्वतःच्या घरातल्या न्हाणीघराला आतून कडी लावली. ह्या कडीची किंमत काय आहे, हे आपल्या बायकांना विचारावे.

आणि तरीही बंधू-भगिनींनो, काहीतरी घडले आहे. ते आपण एकमेकांना सांगत नाही.

आमच्या मजल्यावर एक अण्णा राहत. गिरणीत जॉबर होते. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला, तो मिटलाच नाही. अण्णा पुढे एका इमारतीवर वॉचमन झाले. चाळ रिकामी करण्याची वेळ आली तेव्हा मुलाने त्यांना लांबच्या उपनगरात भाड्याच्या घरी नेले. तेथून अण्णा रोज सकाळी बस धरून वरळीला येऊ लागले. जेथे चाळ होती, तेथे पत्रे ठोकलेले. पत्र्यासमोर कट्ट्यावर बसायचे आणि दुपारी परत जायचे. म्हाताऱ्याला भ्रम झाला, असे समजून मुलाने डॉक्टरकडे नेले. अण्णांना भ्रम वगैरे काही नव्हता. ते डॉक्टरांना म्हणाले, "मी वाट चुकत नाही. वाट मला बरोबर ठाऊक आहे. तिथं पोचल्यावर तिथं काही नसतं, एवढंच."

दुसरी गोष्ट एका आजींची. त्या आता बाविसाव्या मजल्यावर राहतात. नातवाने त्यांना मोबाईलवर जुन्या चाळीचे चित्रीकरण दाखविले. २०१६ सालच्या आंबेडकर जयंतीचे होते. निळे झेंडे, जांबोरी मैदानाकडे निघालेली मिरवणूक, गर्दीत स्वतः आजी. आजींनी ते दोनदा पाहिले. मग फोन उलटा घालून ठेवला आणि म्हणाल्या, "बाळा, हे नको दावूस. ह्यात समदी माणसं हायती, पन एकबी माज्याकडं बघत नाय." नातवाला वाटले, आजी रुसली. आम्हाला मात्र त्या वाक्याने रात्रभर झोप लागली नाही.

ह्या दुःखाला जगात नाव आहे, हे आम्हास पुढे वाचनात आले. १६८८ साली योहानेस होफर नावाच्या वैद्यकीय विद्यार्थ्याने घरापासून दूर गेलेल्या माणसाच्या झुरण्याला 'नॉस्टॅल्जिया' असे नाव दिले. परंतु माणूस घर सोडून दूर गेला नाही, भोवतालची जागाच त्याला सोडून गेली, तर त्याला काय म्हणावे? ऑस्ट्रेलियातील ग्लेन अल्ब्रेक्ट ह्या विचारवंताने २००३ साली त्यासाठी 'सोलास्टॅल्जिया' हा शब्द घडविला. न्यू साऊथ वेल्समधील हंटर नदीच्या खोऱ्यात कोळशाच्या उघड्या खाणींनी डोंगर आणि कुरणे खणून काढली. लोक आपल्याच घरात राहत होते, पण खिडकीतून दिसणारे जग ओळखीचे उरले नव्हते. ह्या शब्दात दोन भाग आहेत, एक दिलाशाचा आणि दुसरा वेदनेचा. ज्या जागेकडून दिलासा मिळायचा, तीच वेदना देऊ लागली, असा त्याचा अर्थ होय.

आपल्याला आणखी जवळचे उदाहरण अमेरिकेतील बोस्टन शहराचे आहे. तेथील वेस्ट एंड ही गरीब कामगारांची वस्ती सरकारने झोपडपट्टी ठरवून १९५८ नंतर पाडली. मार्क फ्रीड ह्या मानसशास्त्रज्ञाने तेथील उठविलेल्या लोकांचा अभ्यास केला आणि १९६३ साली निष्कर्ष मांडले. सरकारच्या लेखी जी झोपडपट्टी होती, तिच्यासाठी अनेक माणसे जवळचे कोणी वारल्यासारखा शोक करीत होती. जागा वाईट होती म्हणून ती गेल्याचे दुःख हलके होते, असे मुळीच नाही, हे त्यातून दिसून आले.

आता कोणी म्हणेल, शहर तर नेहमीच बदलत आले आहे. खरे आहे. आम्ही लहान असताना गच्चीवरून गिरण्यांच्या चिमण्या दिसायच्या. संपानंतर एकेक भोंगा थांबला. मग चिमण्या गेल्या आणि त्यांच्या जागी उंच मनोरे आले. आधी आवाज गेला, नंतर आभाळ गेले आणि शेवटी पायाखालची लादी गेली. परंतु ह्या वेळच्या बदलात एक गोष्ट नवीन आहे, आणि ती प्रत्येकाच्या खिशात आहे.

१९७२ साली मुंबई दूरदर्शन सुरू झाले. त्याचा मनोरा आमच्या वरळीतच. पण आमच्या मजल्यावर दूरदर्शन संच आला तो पुष्कळ वर्षांनी, आणि तोही एकाच खोलीत. रविवारचा चित्रपट पाहायला त्या खोलीत चाळीस माणसे, दारात वीस आणि बोळात चपलांचा ढीग. ज्याचा संच त्यालाच बसायला जागा नसे. म्हणजे त्या काळच्या पडद्याने माणसे एकत्र आणली. आजचा पडदा तळहाताएवढा आहे आणि तो एकेकट्याचा आहे. चाळ तुटली तेव्हा आम्ही सर्वांनी मोबाईलवर तिचे फोटो काढले. मजल्याचा व्हॉट्सॲप ग्रुप केला. कोणी नकाशावर जाऊन रस्त्याची जुनी चित्रे शोधून काढली. त्यात आमची चाळ अजून उभी आहे आणि दोरीवर कपडे वाळत आहेत. आम्हाला वाटले, चला, काही हरवले नाही, सर्व जपून ठेवले आहे.

पण झाले काय? रात्री झोप येत नाही म्हणून फोन उघडावा, तर अमुक वर्षांपूर्वी आजच्या दिवशी, म्हणून फोन आपणहून चाळीचा फोटो पुढे करतो. मन तयार नसते, शेजारी कोणी नसते. बोळातल्या शेजाऱ्याला 'जेवलात का?' असे विचारणारे आपण ग्रुपवर एक अंगठा पाठवितो आणि फोन बंद करतो. पूर्वी कोणी गेले तर चाळीत माणसे जमत, रडणे होई, पुण्यानुमोदन होई आणि माणूस हळूहळू कामाला लागे. चाळ गेली, तिचे मात्र काहीच झाले नाही. फोटो राहिले, म्हणून आपण समजलो की निरोप घेण्याची गरज नाही. छायाचित्रात भिंत राहते, पण त्या भिंतीपलीकडून खोकल्याचा आवाज ऐकून 'काय झालं हो काकी?' असे विचारणारे माणूस राहत नाही. आजी म्हणाल्या ते हेच. आपण चित्राकडे पाहतो, चित्र आपल्याकडे पाहत नाही.

मग आपण हे बोलत का नाही? आमच्या मते त्याची दोन कारणे आहेत.

पहिले म्हणजे आपल्याला ती कृतघ्नता वाटते. पिढ्यान्‌पिढ्या घरासाठी झगडलो, घर मिळाले, आता रडायचे कशाला? लोक काय म्हणतील? बंधू-भगिनींनो, लग्न करून सासरी निघालेली मुलगी रडते, म्हणून तिला सासर नको आहे असे आपण म्हणतो काय? नवे घर हवे असणे आणि जुन्यासाठी डोळे भरून येणे, ह्या दोन्ही गोष्टी एकाच मनात राहू शकतात. त्या चाळीत केवळ गैरसोय नव्हती. जानेवारी १९७४ च्या वरळीच्या दंगलीत ह्याच खोल्यांची दारे लावून माणसांनी एकमेकांची मुले सांभाळली. त्याच दिवसांत, १० जानेवारीला, पँथर भागवत जाधव शहीद झाले. ज्या जागेत आपण उभे राहायला शिकलो, ती जागा जाताना दुःख होणारच. परळच्या पोयबावडीजवळील बी.आय.टी. चाळीत ५० आणि ५१ क्रमांकाच्या खोल्यांत बाबासाहेब २२ वर्षे राहिले. त्या खोल्या लहान होत्या म्हणून आपल्यापैकी कोणी त्यांना क्षुद्र मानतो काय? आजही तेथे जाणारा माणूस दाराशी चपला काढतो.

दुसरे कारण अधिक नाजूक आहे. आपण म्हणतो, सर्व अनित्य आहे, बुद्धांनीच सांगितले आहे, मग शोक कशाला? उपदेश बरोबर आहे, पण पुष्कळदा आपण तो दुसऱ्याचे तोंड बंद करण्यासाठी वापरतो. अण्णांच्या मुलाने त्यांना हेच ऐकविले होते. आता तथागतांनी स्वतः काय केले, ते पाहू. सारनाथच्या पहिल्या प्रवचनातच त्यांनी प्रियाच्या वियोगाला दुःख म्हटले आहे. ते दुःख नाहीच, असे त्यांनी कोठेही म्हटले नाही.

आणि आयुष्याच्या शेवटच्या वर्षी काय घडले? महापरिनिब्बान सुत्तात ती कथा आली आहे, आणि बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' ह्या ग्रंथातही वैशालीच्या निरोपाला जागा दिली आहे. तथागतांनी अखेरचा वर्षावास वैशालीजवळच्या बेलुव गावी केला. तेथे ते फार आजारी पडले. बरे वाटल्यावर चापाल चैत्यापाशी बसले असता त्यांनी आनंदाला वैशाली किती रमणीय आहे ते सांगितले आणि तेथील एकेका चैत्याचे नाव घेऊन तो रमणीय आहे असे म्हटले. पुढे एके दिवशी वैशालीत भिक्षाटन करून, भोजन झाल्यावर परत निघताना, ते थांबले. हत्ती मागे पाहताना केवळ मान वळवीत नाही, सर्व अंगानिशी वळतो. तसे ते वळले आणि त्यांनी वैशालीकडे पाहिले. पाली भाषेत ह्याला 'नागापलोकित' म्हणतात. हे आपले वैशालीचे शेवटचे दर्शन, असे त्यांनी आनंदाला सांगितले. आणि मग ते भण्डगामाकडे निघाले.

उपासक-उपासिकांनो, ज्यांनी अनित्यता जगाला शिकविली, ते मागे वळून पाहतात! वाटेत चालता चालता चोरटी नजर टाकीत नाहीत, सर्व अंगाने वळतात. एकटे पाहत नाहीत, आनंदाला सोबत घेऊन पाहतात, आणि पाहतो आहोत हे बोलून दाखवितात. नंतर तेथे रेंगाळत बसत नाहीत, पुढच्या गावाला चालू लागतात. आमच्या आजच्या भाषणाचे सार एवढेच आहे. मागे वळून पाहणे म्हणजे आसक्ती नव्हे. निरोप न घेता, रात्री दोन वाजता अंधारात एकट्याने तोच फोटो अंगठ्याने पुन्हा पुन्हा सरकवीत राहणे, ही आसक्ती आहे. त्याला तथागतांनी उपादान म्हटले. धरून ठेवणे म्हणजे उपादान. वैशालीकडे पाहणे म्हणजे सोडण्यापूर्वीचे पूर्ण पाहणे. आपण ह्यातले पहिले करीत आहोत आणि दुसरे करायचे राहिले आहे.

तेव्हा काय करावे? केवळ विचार सांगून थांबणे बरे नव्हे, म्हणून मंडळापुढे काही सूचना ठेवतो.

एक : ज्या चाळी अजून पाडावयाच्या आहेत, त्यांतील प्रत्येक मजल्याने खोल्या रिकाम्या करण्यापूर्वी एक संध्याकाळ बोळात एकत्र बसावे. वंदना घ्यावी. पहिल्या खोलीपासून विसाव्या खोलीपर्यंत प्रत्येक दारापुढे उभे राहून येथे कोण राहिले, कोण जन्मले, कोण गेले, ते मोठ्याने सांगावे. ज्यांच्या चाळी आधीच गेल्या, त्यांनी हे पत्र्यापुढे उभे राहून करावे. अण्णा तेच करीत होते, फक्त एकटे करीत होते.

दोन : मोबाईल टाकून द्यावा असे आम्ही म्हणत नाही. त्याला कामाला लावावे. निदान निवडक शंभर फोटो कागदावर छापून घ्यावेत. मागे माणसांची नावे, मजला आणि साल लिहावे. नाव नसलेला फोटो तिसऱ्या पिढीत अनोळखी माणसाचा होतो. वृद्धांचे बोलणे नातवंडांनी ध्वनिमुद्रित करावे. ते काम आजीच्या शेजारी बसून, तिला विचारीत करावे, म्हणजे तिच्याकडे पाहणारे कोणी तरी असेल.

तीन : नव्या इमारतीत दर पौर्णिमेला जुन्या चाळीच्या मजल्यावरील माणसांनी एकत्र यावे. उद्वाहनातून उतरल्यावर दार बंद होते. ते उघडायला निमित्त लागते. पौर्णिमा हे आपले जुने निमित्त आहे.

चार : हे दुःख कोणाला खोल लागले, तर त्याकडे दुर्लक्ष करू नये. झोप नाही, जेवण नाही, बोलणे बंद, असे आठवड्यामागून आठवडे चालले, तर त्याला उपदेश करीत बसू नये, डॉक्टरांकडे न्यावे. सरकारने १० ऑक्टोबर २०२२ पासून 'टेली-मानस' ही दूरध्वनी सेवा सुरू केली आहे. तिचा क्रमांक १४४१६. मनाच्या दुखण्याविषयी तेथे बोलता येते. पोट दुखले तर आपण लाजत नाही, मन दुखले तर लाजू नये.

शेवटी एक गोष्ट सांगून आमचे भाषण संपवितो. गेल्या बुद्ध पौर्णिमेला आम्ही पाच-सहा जण अण्णांबरोबर बसने गेलो. पत्र्यासमोर उभे राहिलो. अण्णांनी बोट दाखवून एकेक खोली सांगायला सुरुवात केली. हवेतच बोट फिरत होते, पण आम्हाला दारे दिसत होती. त्यांनी सर्व नावे घेतली. स्वतःच्या खोलीपाशी आले तेव्हा त्यांच्या पत्नीचे, आमच्या वहिनींचे, नाव घेताना त्यांचा गळा दाटला. आम्ही कोणी त्यांना गप्प केले नाही, कोणी अनित्यता सांगितली नाही. सर्वांनी मिळून त्रिसरण-पंचशील घेतले. थोड्या वेळाने अण्णांनी डोळे पुसले, घड्याळ पाहिले आणि म्हणाले, "चला, आता बस चुकेल."

तेव्हापासून अण्णा रोज येत नाहीत. महिन्यातून एकदा पौर्णिमेला येतात, आणि एकटे येत नाहीत.



नमो बुद्धाय! जय भीम!